जुन्या तमिळ हिरोइनींचा तो 'पारंपरिक' लुक आला कुठून?

पद्मिनी, सरोजादेवी यांचे जुने फोटो फिरतात आणि खाली कमेंट ठरलेली, काय ते प्राचीन सौंदर्य वगैरे. पण खरं सांगायचं तर हा लुक फार जुना नाहीये, बराचसा १९३० नंतर जमून आलाय आणि त्यातला निम्मा तर थेट भरतनाट्यमच्या स्टेजवरून उचललेला.

आधी देवदासी हा नाच करायच्या तेव्हा आत पायजमा आणि वरून जड जरीची साडी गुंडाळलेली असायची (याच नाचाचा कार्यक्रम कसा रचायचा ते तंजावरला दुसऱ्या सरफोजीराजे भोसल्यांच्या दरबारातल्या चार भावांनी बसवून दिलं, आपल्याकडे हे फारसं कुणी सांगत नाही). मग १९३६ ला नृत्यांगना रुक्मिणीदेवी अरुंडेल यांनी मद्रासला कलाक्षेत्र ही नाचाची संस्था काढली आणि शिवलेला ड्रेस रुळला, अरमंडीत (गुडघे बाहेर वळवून अर्धं बसायची ती पोझ) बसलं की पुढच्या निऱ्या पंख्यासारख्या उघडतात तो. दागिने मात्र देवळातलेच, नागरकोविलजवळ वडसेरीचे कारागीर करतात तसे, चांदीवर सोन्याचा पत्रा आणि त्यात लाल केंपाचे खडे, भांगात नेत्तीचुट्टी, तिच्या दोन बाजूंना सूर्य-चंद्र, मागे वेणीवर राकोडी.

सिनेमात हे आलं कारण हिरोइनीच डान्सर होत्या ना! ललिता-पद्मिनी-रागिणी या त्रावणकोरच्या बहिणी, १९४९ ला आलेली वैजयंतीमाला, सगळ्या भरतनाट्यमवाल्या.

साडीचं वेगळंच. कांजीवरमला कोरवै म्हणजे काठ आणि अंग वेगवेगळ्या धोट्यांनी विणून एकात एक अडकवतात, मागाला जुन्या पद्धतीत दोन माणसं लागतात, त्यामुळे गडद अंगाला एकदम वेगळा काठ मिळतो आणि मला वाटतं ब्लॅक अँड व्हाइट पडद्यावर हाच काठ उठून दिसायचा, रंग कुठे कळत होता तेव्हा. पहिला पूर्ण रंगीत तमिळ सिनेमा आला १९५६ ला, भानुमती हिरोइन होती त्यात.

रंग आल्यावर मजा सरोजादेवीची. १९६५ चा 'एंग वीट्टु पिळ्ळै' आणि १९६६ चा 'अन्बे वा', यातल्या तिच्या साड्या, ब्लाउज, दागिने मासिकांतून घरोघरी गेले आणि पोरी कॉपी करायला लागल्या, म्हणजे इथे देवळाबिवळाचा काही संबंधच नाही, सरळ फॅशन. सत्तरच्या दशकात हिरोइन वाणीश्रीने तर अंबाडा असा काही उंच नेला की साडी तीच पण बाई एकदम मॉडर्न, आणि आता तोही 'पारंपरिक'मध्येच मोजतात लोक.