मीठ कमी झालेलं जिभेला कळतं का? संवेदना मोजण्याचं शास्त्र, शेंगा चटणीपासून यंत्रमागापर्यंत

समजा, सोलापुरातल्या एखाद्या बचत गटाने शेंगा चटणीत किलोमागे २० ग्रॅमऐवजी १८ ग्रॅम मीठ घालायचं ठरवलं. रक्तदाब सांभाळणारं गिऱ्हाईक वाढलंय, म्हणून. आता चवीतला हा बदल लोकांना कळेल का? बहुतेक ठिकाणी दोन वाट्या पुढे ठेवतात आणि विचारतात, "काही फरक वाटतोय का?"

घोळ इथेच होतो. या प्रश्नाच्या उत्तरात दोन गोष्टी मिसळून येतात. जिभेला किती कळलं ही एक, आणि माणूस 'हो' म्हणायला किती राजी आहे ही दुसरी. समोरच्याचं मन राखायचं म्हणून कुणी "नाही, तशीच आहे" म्हणतं. आपल्याला बारकावे कळतात असं मानणारा घास तोंडात जायच्या आधीच "अळणी झालीय" म्हणून मोकळा होतो. दोघांच्या जिभा सारख्याच असू शकतात. संवेदनांच्या मानसशास्त्राने गेल्या पावणेदोनशे वर्षांत जे कमावलं, त्याचा मोठा भाग या दोन गोष्टी वेगळ्या काढण्याच्या युक्त्यांचा आहे.

सुरुवात झाली जर्मनीत. लाइपझिगचे अर्न्स्ट हाइनरिश वेबर यांनी १८३०च्या दशकात लोकांच्या हातात वजनं देऊन किती फरक जाणवतो ते पाहिलं. जाणवणारा फरक ठरावीक ग्रॅमांचा नसतो, मूळ वजनाचा ठरावीक हिस्सा असतो, असं त्यांना दिसलं. हाताने उचललेल्या वजनासाठी हा हिस्सा साधारण २ टक्के धरतात. म्हणजे १ किलोच्या पिशवीत २० ग्रॅम वाढले तर जेमतेम कळतील, ५ किलोच्या पिशवीत १०० ग्रॅम लागतील. अगदी हलक्या वजनांना हा नियम नीट लागू पडत नाही. मिठाच्या पाण्यासाठी हा हिस्सा ८ टक्क्यांच्या आसपास मिळालेला आहे. चटणीतली कपात १० टक्क्यांची, म्हणजे गोष्ट बरोबर काठावरची. तेलकट, भरड, तिखट चटणीत ती पाण्यापेक्षा अवघड जाणार हे उघड आहे, पण किती अवघड, ते चाचणी घेतल्याशिवाय सांगता येत नाही.

लाइपझिगच्याच गुस्ताव फेकनर यांना २२ ऑक्टोबर १८५० च्या सकाळी अंथरुणात असताना सुचलं की वेबरच्या नियमावरून संवेदनेचं गणित मांडता येईल. १८६० मध्ये त्यांनी त्यावर ग्रंथ लिहिला. पुढे १९५७ मध्ये अमेरिकेत एस. एस. स्टीव्हन्स यांनी दाखवलं की प्रत्येक संवेदनेची चाल वेगळी असते. अंधाऱ्या खोलीत उजेड दुप्पट वाटायचा असेल तर प्रकाश साधारण आठपट करावा लागतो. विजेचा झटका मात्र करंट जेमतेम सव्वापट झाला की दुप्पट वाटतो. इंद्रियं म्हणजे तराजू नव्हेत. कुठे ती दाबून सांगतात, कुठे फुगवून.

आता चटणीकडे. अन्नाच्या प्रयोगशाळांत यासाठी त्रिकोण चाचणी वापरतात. तिचं आंतरराष्ट्रीय मानकही आहे, आयएसओ ४१२०. चाखणाऱ्यासमोर तीन वाट्या ठेवायच्या, दोन एकसारख्या आणि एक वेगळी. "फरक वाटतो का" असं विचारायचंच नाही. "वेगळी कोणती ते दाखवा, नाही कळली तरी एक निवडा" एवढंच सांगायचं. मन राखणारा आणि मिरवणारा, दोघांनाही इथे एकाच वाटीवर बोट ठेवावं लागतं, त्यामुळे 'हो' म्हणायची घाई किंवा संकोच आपोआप गळून पडतो.

काम बिघडतं ते तयारीत. शेंगदाणे, लाल तिखट, लसूण आणि जिरं एकदाच, बिनमिठाचं कुटून घ्या आणि मग त्याचे दोन वाटे करा. दोन वेगळे घाणे कुटले तर एक जास्त कुटला जातो, त्याला तेल जास्त सुटतं, आणि लोक मीठ ओळखण्याऐवजी तेल ओळखतात. मीठ दोन्ही वाट्यांत एकाच बरणीतलं, सारखंच बारीक केलेलं हवं. मीठ तेलात विरघळत नाही, ते तोंडातल्या लाळेत विरघळतं. बारीक कण लवकर विरघळतात म्हणून तेवढंच मीठ जास्त खारट लागतं. एकात जाडं आणि एकात बारीक मीठ पडलं तर सगळी चाचणी वाया जाते.

३० माणसं घ्या. प्रत्येक वाटीत ५ ग्रॅम चटणी म्हणजे एकूण ४५० ग्रॅम लागेल. सांडलवंड धरून दोन्ही प्रकारांची तीनतीनशे ग्रॅम करावी. जुनीला 'क' आणि नवीला 'ख' म्हटलं तर मांडणीचे सहा क्रम होतात: ककख, कखक, खकक, खखक, खकख, कखख. प्रत्येक क्रम पाच जणांना द्या. वाट्यांवर १, २, ३ किंवा अ, ब लिहू नये, कारण पहिला नंबर चांगला असं मनात आपोआप येतं. ४१७, ८६३, २५९ असे वाटेल तसे तीन आकडी क्रमांक टाका. वाट्या भरणारी व्यक्ती आणि वाढणारी व्यक्ती वेगळी हवी, नाहीतर वाढणाऱ्याचा चेहराच उत्तर सांगून जातो. सकाळी दहा-अकराची वेळ बरी, भूकही नको आणि पोटही भरलेलं नको. त्याआधी तासभर चहा, पान, तंबाखू बंद. चाखताना एकमेकांत बोलणं बंद.

तीनांतून डोळे झाकून निवडलं तरी तिघांत एकाचं उत्तर बरोबर येतंच. म्हणून ३० पैकी १० बरोबर उत्तरांना काही किंमत नाही. १५ किंवा जास्त बरोबर आली तरच फरक कळतोय असं म्हणता येतं, कारण निव्वळ अंदाजाने तेवढी येण्याची शक्यता ५ टक्क्यांहून कमी असते. १२ आली तर? तर "फरक कळत नाही हे सिद्ध झालं" असं म्हणू नये. फरक कळत नसल्याची खात्री करणं ही वेगळी, जास्त कडक चाचणी आहे, तिला ६० च्या आसपास माणसं घ्यावी लागतात. अनुभवी लोकही इथे चुकतात, आणि चव हळूहळू घसरत जाण्यामागे ही चूक अनेकदा असते. दर वेळी थोडं थोडं बदलत गेलं की प्रत्येक पायरी न कळणारी असते, पण पाच पायऱ्यांनंतरची चटणी मूळ चटणीशेजारी ठेवली तर कुणालाही कळते. म्हणून तुलना नेहमी मूळ कृतीशी करावी, मागच्या घाण्याशी करू नये.

तिखटाची अडचण वेगळीच. तिखट ही चव नाही. मिरचीतलं कॅप्सेसिन जिभेवरच्या टीआरपीव्ही१ या ग्राहकाला, म्हणजे संवेदना टिपणाऱ्या प्रथिनाला, जाऊन चिकटतं. हाच ग्राहक साधारण ४३ अंश सेल्सिअसच्या वरच्या उष्णतेला जागा होतो, म्हणून तोंड पोळल्यासारखं होतं. हा ग्राहक डेव्हिड ज्युलियस यांच्या गटाने १९९७ मध्ये ओळखला आणि ज्युलियस यांना २०२१ चं नोबेल विभागून मिळालं. चाचणीच्या दृष्टीने महत्त्वाचं हे, की लागोपाठ घास घेतले तर आग चढत जाते आणि काही मिनिटं थांबून पुन्हा खाल्लं तर जीभ बधिर झालेली असते. दोन्हीकडून फसवणूक. विल्बर स्कोव्हिल यांनी १९१२ मध्ये मिरचीचा अर्क साखरपाण्यात पातळ करत नेऊन तिखटपणा मोजायची रीत काढली, तिची हीच दुखरी बाजू होती. आता कॅप्सेसिन यंत्राने मोजतात. आपल्या चाचणीत उपाय साधा आहे. एका माणसाला एका बैठकीत एकच संच द्या. दोन वाट्यांच्या मध्ये अळणी ताक किंवा दूध, आणि ज्वारीच्या मऊ भाकरीचा तुकडा. नुसत्या पाण्याने कॅप्सेसिन धुतलं जात नाही. कडक भाकरी इथे नको, तिच्यात बऱ्याचदा मीठ असतं.

जिथे तीन वाट्या ठेवता येत नाहीत, 'हो' किंवा 'नाही' एवढंच उत्तर मिळतं, उदाहरणार्थ बारीक आवाज ऐकू येतो का हे तपासताना, तिथे काय करायचं? याचं उत्तर १९५०च्या दशकात रडारच्या अभ्यासातून आलं. त्याला संकेत-शोध सिद्धांत म्हणतात. मधूनमधून रिकामी खेप द्यायची, म्हणजे काहीच न वाजवता विचारायचं, आणि खोटे 'हो' सुद्धा मोजायचे. एक जण आवाज असलेल्या १०० खेपांत ९० वेळा 'हो' म्हणतो, पण रिकाम्या १०० खेपांतही ६० वेळा 'हो' म्हणतो. दुसरा आवाज असताना ५० वेळाच 'हो' म्हणतो आणि रिकाम्या खेपेला फक्त १० वेळा. वरवर पाहता पहिल्याचे कान तिखट वाटतात. सूत्रात घातलं की पहिल्याची संवेदनक्षमता १.०३ येते आणि दुसऱ्याची १.२८. कान दुसऱ्याचेच जास्त चांगले आहेत, तो फक्त जपून बोलतो.

सोलापुरात हा हिशेब हजारो कामगारांच्या कानांशी जोडलेला आहे. पूर्व भागात आणि अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत चादरी-टॉवेलच्या यंत्रमागांवर धोट्याच्या ठोक्यांचा आवाज ९० डेसिबलच्या पुढे सहज जातो. कामगारांच्या आरोग्यावर संशोधन करणारी अमेरिकेतली नायोश ही संस्था ८५ डेसिबलला दिवसाचे ८ तास एवढीच मर्यादा सुचवते आणि दर ३ डेसिबलला वेळ निम्मी करते: ८८ ला ४ तास, ९१ ला २, ९४ ला १.

कानाची तपासणी करताना ध्वनी १ ते २ सेकंद वाजवतात. सुरुवात १००० हर्ट्झच्या (हर्ट्झ म्हणजे आवाजाची पट्टी मोजायचं एकक), सहज ऐकू येणाऱ्या आवाजाने. ऐकू आला की १० डेसिबल खाली, नाही आला की ५ वर. समजा ४० ला ऐकू आला, ३० ला आला, २० ला नाही, २५ ला आला; मग १५ ला नाही, २० ला नाही, २५ ला पुन्हा आला. खालून वर येताना दोनदा २५ लाच बटण दाबलं गेलं, म्हणून उंबरठा, म्हणजे जेमतेम ऐकू येणारा आवाज, २५. मग २०००, ३०००, ४०००, ६०००, ८००० करून परत १०००. हा शेवटचा आकडा पहिल्यापेक्षा ५ डेसिबलहून जास्त हलला तर सूचना नीट पोचलेली नाही असं धरून पुन्हा सुरुवात करावी. सूचना ज्याच्या त्याच्या भाषेत, तेलुगू, कन्नड किंवा मराठीत, आणि "अगदी बारीक वाटला तरी दाबा" असं स्पष्ट सांगून द्यावी. खेपांमधलं अंतर सारखं ठेवलं तर लोक तालावर बटण दाबायला लागतात. ज्यांच्या कानात सतत गुंई आवाज असतो त्यांना ध्वनी आणि गुंई वेगळी करता येत नाही, त्यांच्यासाठी तुटक तुटक वाजणारा ध्वनी वापरावा. नोकरी जाईल या भीतीने संशय आला तरी बटण दाबणारा कामगार इथेही असतोच, त्याच्यासाठी रिकाम्या खेपा.

गोंगाटाने बिघडलेल्या कानाचा आलेख ४००० हर्ट्झच्या आसपास खड्डा दाखवतो. स, श, फ, थ यांसारख्या व्यंजनांचा जोर वरच्या पट्टीतच असतो, स्वर मात्र खालच्या पट्टीत शाबूत राहतात. म्हणून असा माणूस म्हणतो, "ऐकू येतं, पण बोललेलं समजत नाही." 'सात' आणि 'हात' यांत त्याला गोंधळायला होतं. घरचे समजतात लक्ष देत नाही.

तपासणीची वेळही महत्त्वाची. पाळीवरून थेट आलेल्या माणसाचा उंबरठा तात्पुरता चढलेला असतो. खरा उंबरठा मिळायला किमान १४ तास गोंगाटापासून लांब राहायला हवं. १२ तासांची पाळी असेल तर दोन पाळ्यांमध्ये तेवढा वेळ सापडतच नाही, म्हणून तपासणी साप्ताहिक सुटीला, आणि तीही सुटीचा निम्मा दिवस गेल्यावर ठेवावी. पुढे दरवर्षीचा आलेख पहिल्याशी ताडून पाहायचा. २०००, ३००० आणि ४००० हर्ट्झच्या उंबरठ्यांची सरासरी १० डेसिबलने वर चढली तर अमेरिकी कामगार नियम ती दखल घेण्याजोगी हानी मानतात. पहिला कागद कामगाराने स्वतःकडेच जपून ठेवावा. कारखाना बदलला की कागद जुन्या कचेरीत राहतो, आणि नव्या ठिकाणी आधीच बिघडलेला आलेख 'पहिला' म्हणून नोंदला जातो.