मासोळीच्या अंगावर रवा दिसला तर

दिवाळी सरली, रात्री गार पडू लागल्या की आमच्या शोभेच्या मासोळ्यांच्या दुकानात हमखास ऐकू येतं, "मासोळीच्या आंगावर मीठ सांडल्यावानी दिसते." हा पांढऱ्या ठिपक्यांचा रोग, धंद्यात याला 'इक' म्हणतात. प्रत्येक ठिपका म्हणजे कातडीखाली शिरून मासोळीवर पोसणारा एक परजीवी.

ठिपके रव्याच्या कणाएवढे, बहुधा आधी पंखांवर आणि शेपटीवर दिसतात. त्याच्याही आधी मासोळी दगडाला अंग घासते, पंख मिटून कोपऱ्यात राहते. कधी ठिपके फक्त कल्ल्यांत असतात. तेव्हा अंग स्वच्छ, पण मासोळी वर येऊन धापा टाकते. मात्र विणीच्या काळात नर गोल्डफिशच्या कल्ल्यांच्या झाकणांवर आणि पुढच्या पंखांच्या कडेला पांढरे दाणे येतात. तो रोग नाही, औषध टाकू नका.

आता सगळ्यात महत्त्वाचं. ठिपका पिकला की गळून तळाच्या वाळूत चिकटतो, कवच धरतो, आणि आत शेकडो पिल्लं तयार होतात. ती बाहेर पडून नवी मासोळी शोधतात. दोनेक दिवसांत सापडली नाही तर मरतात. औषध लागू पडतं ते या पोहणाऱ्या पिल्लांवरच. अंगावरच्या किंवा कवचातल्या जीवाला ते काही करत नाही. म्हणून तिसऱ्या दिवशी ठिपके गेले की औषध बंद करणारे लोक आठवड्याने रडकुंडीला येऊन परत दारात उभे असतात. ठिपके गेल्यावरही किमान आठवडाभर उपचार चालू ठेवा.

25 अंशांच्या पाण्यात हे चक्र साधारण आठवड्यात पुरं होतं, गार पाण्यात कित्येक आठवडे रेंगाळतं. म्हणून हीटर लावून पाणी 30 अंशांपर्यंत न्या, पण दोन तासांत एक अंशाहून जास्त वाढवू नका. कोमट पाण्यात प्राणवायू कमी राहतो, त्यामुळे हवेची मोटर रात्रंदिवस चालू हवी. लाईट गेली तर टाकीच्या चारही बाजूंना गोधडी गुंडाळा, वरून मोकळी ठेवा. पाण्यात हात घालण्याआधी हीटरची पिन काढा.

उपचारासाठी पाण्यात मीठही घालतात. ते साधं, जाडं घ्या. दोन फूट लांब, एक फूट रुंद, एक फूट उंच टाकीत वाळू वगळता साधारण 45 लिटर पाणी धरा. लिटरला 2 ग्रॅमप्रमाणे 90 ग्रॅम मीठ होतं. निम्मं आज, निम्मं उद्या, मगात विरघळवून घाला. टाकीत कॅटफिश, लोच या जातींच्या मासोळ्या किंवा झाडं असतील तर निम्म्यावरच थांबा. पाणी बदललं तर जेवढं काढलं तेवढ्यापुरतंच मीठ परत घाला.

मॅलाकाइट ग्रीनचं औषध नेलंत तर फिल्टरमधला कोळसा काढून ठेवा, नाहीतर तो औषधच शोषून घेतो. हातमोजे घाला. खाण्याच्या मासोळीच्या शेततळ्यात हे औषध कधीही टाकू नका.

नवी मासोळी, आमच्याकडून नेलेलीसुद्धा, तीन आठवडे वेगळ्या भांड्यात ठेवा. जाळी प्रत्येक टाकीची वेगळी ठेवा. ओल्या जाळीतून रोग सहज पसरतो. दाखवायचं असेल तर मोबाईलवर फोटो घेऊन या. आजारी मासोळी पिशवीत घालून थंडीत गाडीवर आणू नका, ती वाटेतच दगावते.