फिरतोबाला नैवेद्य कशाचा?

विठोबा, खंडोबा, म्हसोबा आपल्याकडे आहेतच. त्यांच्या पंगतीला आज एक मनचा देव बसवू. नाव फिरतोबा. गती आणि बदल हे त्याचं खातं, मूर्ती म्हणजे एक चाक, आणि ते कधी थांबायचं नाही. समजा, नाशिकच्या भद्रकालीतल्या एखाद्या मंडळाने गणपतीच्या देखाव्यात हा फिरतोबा मांडायचा ठरवला आणि वर पैजही लावली: मोटार नाही, जनरेटर नाही, महावितरणकडे तात्पुरत्या मीटरचा अर्जसुद्धा नाही. देव आहे, आपल्या बळावर फिरेल. फिरेल का?

ही हौस जुनी आहे आणि तिचा एक धागा आपल्या शेजारच्या खानदेशातच सापडतो. चाळीसगावजवळच्या पाटणच्या देवळात एक शिलालेख आहे. भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, तिथे मठ काढला, असं तो सांगतो. त्याच भास्कराचार्यांच्या ११५० सालच्या ‘सिद्धान्तशिरोमणी’त आपोआप फिरणारं, म्हणजे स्वयंवह, यंत्र येतं. हलक्या लाकडाचं चाक. सारख्या अंतरावर पोकळ आरे, सगळे एकाच बाजूला किंचित वाकलेले. आऱ्यांत निम्म्यापर्यंत पारा भरून तोंडं बंद करायची आणि चाक दोन आधारांवर आसाने टेकवायचं. अपेक्षा अशी की एका बाजूचा पारा परिघाकडे सरकेल, दुसऱ्या बाजूचा आसाकडे. लांबच्या वजनाला तरफेचा फायदा, म्हणून चाक त्या बाजूला ओढलं जातच राहील. पुढच्या शतकात फ्रान्सच्या व्हिलार द ओनकूरने पाऱ्याऐवजी लोंबते हातोडे लावून असंच चाक कागदावर उतरवलं.

पारा विषारी, मांडवात तो नकोच. सायकलची जुनी रिम घ्या, तिला बिजागरीवर झुलणाऱ्या पट्ट्या लावा, पट्ट्यांच्या टोकाला जड नट. हाताने झटका दिला की चाक ऐटीत फिरतं, पट्ट्या खडखडत उलटतात, बघ्यांना वाटतं जमलं. मग वेग उतरतो, चाक थोडं मागेपुढे झुलतं आणि गप्प बसतं. बसल्यावर नट मोजा. उतरत्या बाजूचे नट आसापासून लांब आहेत खरे, पण संख्येने कमी. चढत्या बाजूचे जवळ, पण जास्त. दोन्हीकडचा जोर सारखा. दुसरा हिशेबही तेच सांगतो: पूर्ण फेरा झाल्यावर प्रत्येक नट जिथून निघाला त्याच उंचीवर परत येतो, म्हणजे उतरताना गुरुत्वाकर्षणाने दिलेलं चढताना काढून घेतलेलं असतं. वर बेअरिंगचं घर्षण आणि हवा आपली दस्तुरी कापतात. ती उष्णता होऊन जाते.

असल्या यंत्रांचे प्रस्ताव तपासायचेच नाहीत, असं पॅरिसच्या विज्ञान अकादमीने १७७५ मध्ये ठरवून टाकलं. गंमत म्हणजे ऊर्जेच्या अक्षय्यतेचा नियम, म्हणजे ऊर्जा शून्यातून येत नाही आणि नाहीशीही होत नाही हा, तेव्हा मांडलेलाच नव्हता. मायर, ज्यूल, हेल्महोल्ट्झ ही मंडळी आली १८४०च्या दशकात. अकादमी अनुभवानेच विटली होती. मोबाईलवर येणाऱ्या ‘फुकट वीज’च्या व्हिडिओंनाही हाच न्याय लावावा. फार तर टेबलाखाली वायर शोधावी.

यावर एखादा कार्यकर्ता म्हणेल, “अहो, गोदावरी थांबते का कधी? तिला कुठे मीटर आहे?” प्रश्न चांगला आहे. गंगापूर धरणातून विसर्ग वाढला की नाशिकभर एकच चौकशी असते: पाणी दुतोंड्या मारुतीच्या कुठवर आलं? गुडघ्याला, कमरेला, की छातीला? रामकुंडावरून गेलेलं पाणी १,४६५ किलोमीटरच्या वाटेने बंगालच्या उपसागराला मिळतं, आणि तरी पुढच्या आषाढात ब्रह्मगिरीवर पाऊस हजर. वर पाणी चढवतो सूर्य. त्यात खर्च किती होतो ते पाहा. एक लिटर पाणी हजार मीटर उचलायला साधारण १० किलोज्यूल ऊर्जा पुरते. तेवढ्याच पाण्याची समुद्रावर वाफ व्हायला लागतात सुमारे २,४५० किलोज्यूल. अडीचशेपटीच्या आसपास! वाफेचे ढग होताना ही उष्णता वरच्या हवेत सुटते, वारे आणि वादळं पोसते आणि अखेर अंतराळात निघून जाते. फिरतोबाला नैवेद्य लागतो, आणि त्यातलं बहुतेक तो सांडतो.

पण नैवेद्य नेमका कशाचा? ऊर्जेचा म्हणावं तर पृथ्वी सूर्याकडून जेवढी घेते जवळपास तेवढीच अंतराळात परत टाकते. बदलते ती प्रत. सूर्याचा पृष्ठभाग ५,८०० केल्विनच्या घरात. पृथ्वी बाहेर उष्णता टाकते ती सरासरी २५५ केल्विनच्या वस्तूसारखी. त्यामुळे उन्हाचा एक फोटॉन, म्हणजे प्रकाशाचा कण, आत आला की बदल्यात वीसेक दुबळे, अवरक्त फोटॉन बाहेर पडतात. एकवटलेलं विखुरतं. या विखुरण्याच्या मापाला क्लॉसियसने १८६५ मध्ये एन्ट्रॉपी असं नाव दिलं. ऊन आणि गार यांतला फरक, हाच खरा नैवेद्य. सगळं एकाच तापमानाला आलं तर ऊर्जा जागच्या जागी असूनही देव उपाशी. एकलहऱ्याच्या वीज केंद्राला कोळशाबरोबर गार पाणी लागतं ते याच कारणाने: टर्बाइनमधून गेलेली वाफ थंड व्हायला जागाच नसेल, तर नुसती भट्टी पेटवून काही फिरत नाही.

फिरतोबाचं एक रूप मात्र उपासावरही चालतं. तुमच्या खोलीतल्या हवेचे रेणू या क्षणी सेकंदाला सरासरी ५०० मीटरच्या आसपास वेगाने एकमेकांवर आदळताहेत, आणि त्यांना कोणी काही खायला घातलेलं नाही. द्रवरूप हेलियम निरपेक्ष शून्याच्या अगदी जवळ नेलं तरी नेहमीच्या दाबाखाली गोठत नाही. पुंजभौतिकी, म्हणजे अणूंच्या जगाचे नियम, त्याच्या अणूंना स्वस्थ बसूच देत नाही. म्हणजे अखंड गती निसर्गाला वर्ज्य नाही. तिच्याकडून फुकट काम करून घेणं वर्ज्य आहे.

मंडळाला तरीही पैज राखायची असेल तर एक वाट आहे. ग्लासात चोच बुडवून डुलणारा काचेचा पक्षी पाहिला असेल. त्याच्या डोक्यावरच्या ओल्या कापडातलं पाणी उडतं, डोकं पोटापेक्षा गार होतं, तेवढ्या फरकावर आतला द्रव नळीतून वर चढतो आणि पक्षी वाकतो. वायर नाही, चावी नाही. फक्त भाद्रपदातल्या दमट हवेत तो मंदावेल, आणि धूळ बसू नये म्हणून काचेच्या बंद पेटीत ठेवला तर आतली हवा बाष्पाने भरताच थांबेल. तेव्हा पेटी नको, आणि ग्लासात पाणी घालायची पाळी कोणाची, ते आधीच ठरवून ठेवा.