चागोस बेटांची पार्श्वभूमी: प्रवाळ राखले, माणसे हलवली

२२ मे २०२५ रोजी ब्रिटन आणि मॉरिशस यांनी चागोस द्वीपसमूहाविषयीच्या करारावर सह्या केल्या. या समूहाचे सार्वभौमत्व मॉरिशसकडे सोपवायचे आणि त्यातील सर्वांत मोठ्या दिएगो गार्सिया बेटावरचा ब्रिटिश-अमेरिकी लष्करी तळ ९९ वर्षांच्या भाडेपट्ट्याने चालू ठेवायचा, हे कराराचे मुख्य सूत्र होते. बातम्यांतून बोलले गेले ते तळाविषयी, भाड्याच्या रकमेविषयी आणि हिंदी महासागरातील सत्तास्पर्धेविषयी. मात्र याच पाण्यात जगातील अतिशय सुस्थितीतल्या प्रवाळभित्ती आहेत आणि याच बेटांवरून सुमारे पन्नास वर्षांपूर्वी एक अख्खा समाज उठवला गेला. प्रवाळांचे संरक्षण आणि माणसांचे विस्थापन यांचा इतिहास येथे एकमेकांत इतका गुंतला आहे की, एकाविषयी लिहिताना दुसऱ्याला वगळता येत नाही.

चागोस बेटे मालदीवच्या दक्षिणेस सुमारे ५०० किलोमीटरवर आहेत. बेटांची संख्या पन्नासहून अधिक असली, तरी सगळ्यांची मिळून जमीन जेमतेम ६० चौरस किलोमीटर भरते आणि त्यातील सुमारे २७ चौरस किलोमीटर एकट्या दिएगो गार्सियाची आहे. समुद्राखाली मात्र चित्र वेगळे आहे. ग्रेट चागोस बँक हे येथील बुडालेले पठार १२,००० चौरस किलोमीटरहून मोठे असून ते जगातील सर्वांत मोठे कंकणद्वीप (ॲटॉल), म्हणजेच कड्याच्या आकाराची प्रवाळरांग, मानले जाते.

या बेटांच्या शोधाचा एक धागा मुंबईपर्यंत येतो. ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबई सरकारने १७८६ मध्ये दिएगो गार्सियावर वसाहत करण्यासाठी जहाजे पाठवली. त्या मोहिमेत बाँबे मरीन या कंपनीच्या आरमाराचा लेफ्टनंट आर्चिबाल्ड ब्लेअर होता आणि त्याने बेटाची व त्याच्या आतल्या खाडीची मोजणी केली. पुढे अंदमानातील पोर्ट ब्लेअरला ज्याचे नाव मिळाले, तोच हा ब्लेअर. फ्रेंचांनी हरकत घेतली, बेटावरची माती वसाहतीला पुरेशी नाही हेही उघड झाले आणि काही महिन्यांतच वसाहत गुंडाळावी लागली. नकाशा तेवढा हाती राहिला. त्यानंतर पन्नास वर्षांनी, १८३७ च्या सुमारास, मुंबईच्याच सागरी सेवेतील कॅप्टन रॉबर्ट मोर्सबी याने मालदीवची मोजणी पुरी करून चागोसचा समुद्र मापला.

त्या काळी समुद्राची खोली कशी मोजत, हे समजल्याशिवाय या कामाचे मोल कळत नाही. दोरीला शिशाचे वजन बांधून ते पाण्यात सोडायचे, तळ लागला की दोरी किती वाव (एक वाव म्हणजे सुमारे सहा फूट) गेली ते पाहायचे, आणि पुन्हा ओढून घ्यायचे, असे दिवसभर चाले. वजनाच्या बुडाशी एक खळगा असे आणि त्यात जनावराची चरबी भरलेली असे. वजन वर आले की त्या चरबीवर तळाची साक्ष उमटलेली दिसे. वाळू असेल तर कण चिकटलेले असत, जिवंत प्रवाळ असेल तर स्वच्छ ठसा असे. चार्ल्स डार्विन ज्या जहाजावर होता, त्याच्या कप्तानाने १८३६ मध्ये हिंदी महासागरातील कीलिंग बेटांपाशी असेच वजन टाकले, तेव्हा सुमारे दहा वाव खोलीपर्यंत प्रवाळांचे ठसे मिळाले आणि वीस वावांच्या पलीकडे वाळूच हाती लागली. प्रवाळ उथळ, उजेड पोहोचणाऱ्या पाण्यातच वाढतात. मग हजारो फूट खोल समुद्रातून ही कडी वर आली कशी, हा प्रश्न डार्विनने त्यावरून पुढे नेला. ज्वालामुखीचे बेट हळूहळू खचत जाते आणि त्याच्या कडेचे प्रवाळ तेवढ्याच वेगाने वर वाढत राहतात, हे त्याचे उत्तर १८४२ मध्ये ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाले. त्या ग्रंथात मोर्सबीच्या चागोस व मालदीवच्या नकाशांचा मोठा आधार घेतलेला आहे. ग्रेट चागोस बँकेची कडा पाण्याखाली राहिलेली पाहून डार्विनने तिला बुडालेल्या कंकणद्वीपाचे उदाहरण मानले.

या सिद्धांताची खात्री पटायला शंभराहून अधिक वर्षे गेली. १९५२ मध्ये प्रशांत महासागरातील एनेवेटाक येथे छिद्र पाडले, तेव्हा १,२०० मीटरहून अधिक जाडीच्या प्रवाळी चुनखडीखाली ज्वालामुखीचा खडक लागला. एनेवेटाक हे अमेरिकेच्या अणुचाचण्यांचे ठिकाण होते आणि तेथील रहिवाशांना त्यासाठी १९४७ मध्येच हलवण्यात आले होते. विज्ञानाची एवढी मोठी खूण आणि माणसांची एवढी मोठी हानी एकाच बेटावर घडावी, हे मला आजही सहजपणे वाचता येत नाही.

चागोसवर माणसे आली ती नारळासाठी. १८व्या शतकाच्या अखेरीस फ्रेंच मळेमालकांनी मादागास्कर आणि मोझांबिककडून गुलाम आणून येथे नारळाची लागवड सुरू केली. १८१४ च्या तहाने मॉरिशसबरोबर ही बेटे ब्रिटिशांकडे गेली. गुलामगिरी संपल्यावर काही भारतीय मजूरही या मळ्यांवर आले. खोबऱ्याचे तेल मॉरिशसला जात असल्यामुळे या बेटांना तेलाची बेटे असेच म्हटले जाई. पाच-सहा पिढ्यांत येथे स्वतःची क्रिओल बोली, स्वतःची चर्चे आणि स्वतःच्या दफनभूमी असलेला समाज उभा राहिला. दिवसभर नारळ सोलायचे, सुट्टीला खाडीत मासे धरायचे आणि महिन्या-महिन्यांनी येणाऱ्या जहाजाची वाट पाहायची, असे ते जीवन होते. मळ्यांनी मूळचे जंगल संपवले आणि जहाजांबरोबर उंदीर बेटांवर उतरले, हेही येथेच नोंदवले पाहिजे. तो निर्णय मालकांचा होता. मजुराला त्यात विचारले गेले नव्हते.

१९६५ मध्ये, मॉरिशसच्या स्वातंत्र्याच्या तीन वर्षे आधी, ब्रिटनने ३० लाख पौंड देऊन चागोस मॉरिशसपासून तोडले आणि सेशेल्सकडची अल्दाब्रा, फार्कुहार व देरोश ही बेटे त्याला जोडून एक नवी वसाहत निर्माण केली. मॉरिशसमध्ये मराठी घरे कित्येक पिढ्यांपासून आहेत आणि त्या देशाच्या सार्वजनिक जीवनात चागोसचा विषय तेव्हापासून जिवंत आहे. या नव्या वसाहतीचा हेतू लष्करी होता. १९६६ मध्ये अमेरिकेशी त्याविषयीचा करारही झाला.

याच टप्प्यावर संरक्षणाच्या इतिहासातील सर्वांत बोलका प्रसंग येतो. अल्दाब्रावर विमानतळ बांधण्याचे घाटत होते. तेथे महाकाय कासवे होती, उडता न येणारा पाणकोंबडीच्या कुळातला एक पक्षी होता आणि समुद्रपक्ष्यांच्या प्रचंड वसाहती होत्या. डेव्हिड स्टॉडार्ट यांच्यासारखे भूगोलतज्ज्ञ आणि लंडनची रॉयल सोसायटी यांनी जोरदार मोहीम चालवली, वृत्तपत्रांतून व संसदेतून प्रश्न विचारले गेले आणि १९६७ च्या अखेरीस, पौंडाचे अवमूल्यन होत असतानाच, ती योजना सोडून देण्यात आली. अल्दाब्रा पुढे १९७६ मध्ये सेशेल्सला परत मिळाले आणि १९८२ मध्ये जागतिक वारसा यादीत गेले. स्टॉडार्ट १९६७ मध्येच दिएगो गार्सियावरही जाऊन आले आणि त्यांनी तेथील भूगोलाची व जीवसृष्टीची शिस्तशीर नोंद केली. दिएगो गार्सियाचे निसर्गमूल्य अल्दाब्राच्या मानाने कमी ठरले, कारण नारळाच्या मळ्यांनी ते बेट आधीच बदलले होते. कासवांसाठी जसा आवाज उठला, तसा येथल्या माणसांसाठी उठला नाही. शास्त्रज्ञांच्या हेतूवर मला शंका घ्यायची नाही, त्यांनी वाचवले ते खरोखर वाचवण्यासारखे होते. पण १९६७ ची ही निवड विसरून पुढचे काही समजणार नाही.

१९६८ ते १९७३ या काळात चागोसवासीयांना टप्प्याटप्प्याने हलवण्यात आले. उपचारासाठी मॉरिशसला गेलेल्यांना परतीचे जहाज नाकारले गेले, बेटांवर येणारा शिधा आटवला गेला आणि १९७१ मध्ये दिएगो गार्सियावरची पाळीव कुत्री मारून टाकण्यात आली. उरलेल्यांना खोबऱ्याच्या जहाजांतून मॉरिशस व सेशेल्सच्या धक्क्यांवर उतरवले. दीड ते दोन हजार माणसे अशी घराबाहेर पडली. ती कायमची रहिवासी नसून कंत्राटी मजूर आहेत, अशी भूमिका त्या वेळच्या ब्रिटिश सरकारी कागदपत्रांत जाणीवपूर्वक घेतलेली दिसते. त्यानंतर दिएगो गार्सियाची खाडी उपसली गेली आणि धावपट्टीच्या भरावासाठी तेथील प्रवाळ फोडले गेले.

बाकीची बेटे ओस पडली आणि त्या एकांतामुळे ती प्रवाळ-अभ्यासकांची प्रयोगशाळा झाली. १९७० च्या दशकातील मोहिमांपासूनच्या नोंदी असल्यामुळे १९९८ चा तडाखा येथे नेमका मापता आला. समुद्राचे पाणी काही आठवडे नेहमीपेक्षा तापले की प्रवाळ आपल्या पेशींत राहणारी सूक्ष्म शैवाले बाहेर टाकतात. रंग आणि अन्न दोन्ही त्या शैवालांमुळे असल्याने आधी पांढरा सांगाडा दिसू लागतो, आणि पाणी निवले नाही तर मागे मृत्यू येतो. १९९८ मध्ये चागोसच्या उथळ भागातील बहुतेक प्रवाळ असे मेले. पण सुमारे दशकभरात ते पुन्हा भरून आले. मासेमारीचा, सांडपाण्याचा आणि किनारी बांधकामाचा ताण नसल्यास प्रवाळ सावरू शकतात, याचा एवढा स्पष्ट पुरावा फार थोड्या ठिकाणी मिळाला आहे. २०१५-१६ च्या उष्णलाटेने पुन्हा मोठे नुकसान केले, तेव्हा एकांताचीही मर्यादा दिसून आली.

उंदरांचे प्रकरण आणखी बारकाईने पाहण्यासारखे आहे. २०१८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात उंदीर असलेली सहा आणि नसलेली सहा अशी चागोसची बारा बेटे तोलली गेली. उंदीर अंडी व पिल्ले खातात, म्हणून जेथे उंदीर नाहीत तेथे समुद्रपक्ष्यांची घनता ७६० पट निघाली. हे पक्षी दूरच्या समुद्रात मासे खाऊन बेटावर शिटतात, पावसाने त्यातला नत्र भित्तीवर उतरतो आणि तेथील शैवाले व मासे त्यावर पोसतात. उंदीर नसलेल्या बेटांभोवती माशांचे एकूण वजन सुमारे निम्म्याने जास्त आढळले. प्रवाळ राखायचे तर कधी कधी जमिनीवर सापळे लावावे लागतात, हे यातून कळते. व्हाश मारिन या बेटावरून २०१४ मध्ये उंदीर हटवण्यातही आले होते.

१ एप्रिल २०१० रोजी ब्रिटनने सुमारे ६,४०,००० चौरस किलोमीटरचा, म्हणजे महाराष्ट्राच्या दुपटीहून मोठा, समुद्र मासेमारीला पूर्ण बंदी असलेले संरक्षित क्षेत्र म्हणून जाहीर केला. दिएगो गार्सिया आणि त्याभोवतीचे तीन सागरी मैल मात्र या संरक्षित क्षेत्राबाहेर ठेवले गेले. संरक्षित क्षेत्र झाल्यास मूळ रहिवाशांचा परतण्याचा दावा पुढे नेणे अवघड होईल, असे एका ब्रिटिश अधिकाऱ्याने अमेरिकी राजदूतावासाला सांगितल्याची नोंद नंतर फुटलेल्या राजनैतिक तारसंदेशात सापडली. मार्च २०१५ मध्ये आंतरराष्ट्रीय लवादाने हे क्षेत्र घोषित करताना मॉरिशसच्या हक्कांची योग्य दखल घेतली गेली नाही, म्हणून ते समुद्री कायद्याविरुद्ध ठरवले. २०१९ च्या फेब्रुवारीत आंतरराष्ट्रीय न्यायालयाने चागोस तोडणेच बेकायदा असल्याचे मत दिले आणि मे महिन्यात संयुक्त राष्ट्रांच्या महासभेने ११६ विरुद्ध ६ मतांनी त्याला दुजोरा दिला. भारताचे मत मॉरिशसच्या बाजूने होते.

२०२५ च्या करारानुसार दिएगो गार्सिया सोडून इतर बेटांवर पुन्हा वस्ती करण्याची मुभा मॉरिशसला मिळायची आहे. आपल्याला वाटाघाटीत विचारले गेले नाही, अशी तक्रार अनेक चागोसवासीय करतात. या टप्प्याच्या तीन वर्षे आधी, फेब्रुवारी २०२२ मध्ये, मॉरिशसने चागोसमधील ब्लेनहाइम रीफ या प्रवाळभित्तीच्या पाहणीसाठी एक जहाज पाठवले होते. ओहोटीला ही भित्ती पाण्यावर किती उघडी पडते, हे मालदीवबरोबरच्या सागरी सीमेच्या खटल्यासाठी मोजायचे होते. दोनशेहून अधिक वर्षांपूर्वी ब्लेअर आला होता तोही मोजणीसाठीच. या जहाजावर मात्र चागोसचे काही मूळ रहिवासी होते आणि ब्रिटिश पहाऱ्याविना ते चागोसमधीलच पेरोस बान्होस या कंकणद्वीपाच्या किनाऱ्यावर प्रथमच उतरले.