पार्श्वभूमी : किनाऱ्यावरची खबर जाते कुठे?

१८ ऑगस्ट २०२२. दुसऱ्या दिवशी दहीहंडी, त्यामुळे श्रीवर्धन तालुक्यात जो तो गोविंदाच्या गडबडीत. अशात हरिहरेश्वरच्या किनाऱ्याला एक नौका लागलेली दिसली. आत माणूस नाही. होत्या त्या तीन एके-४७ रायफली आणि काडतुसं. जवळच्या भरडखोलला एक लहान बोट सापडली, तीही रिकामी. बघता बघता जिल्हाभर नाकाबंदी झाली आणि मुंबईला सावधानतेचा इशारा गेला. विधिमंडळाचं अधिवेशन चालू होतं, म्हणून त्याच दिवशी गृहमंत्र्यांचं निवेदनही आलं. ‘लेडी हान’ नावाची ही नौका एका ऑस्ट्रेलियन महिलेची होती. मस्कतहून युरोपला निघालेली असताना जूनमध्ये भर समुद्रात तिचं इंजिन बंद पडलं. माणसांना एका कोरियन युद्धनौकेने वाचवलं, आणि बेवारस नौका वाहत वाहत कोकणाला लागली.

घातपात नाही हे ऐकून लोकांनी सुस्कारा सोडला आणि हंड्या फोडल्या. पण सोळा मीटरची नौका, आत तीन रायफली, आणि गावाला ती कळली कधी, तर किनाऱ्याला टेकल्यावर! जागा तरी कोणती? भरडखोलच्या शेजारचं गाव शेखाडी. शेखाडी म्हटलं की या भागातल्या पन्नाशीपुढच्या माणसाला १९९३ आठवतंच.

तिथपर्यंत यायचं तर जरा मागून यावं लागेल.

या किनाऱ्यावर हेरगिरी कधी नव्हती असा काळ सांगता येणार नाही. शिवकाळातली हेरगिरी म्हटलं की आपण बहिर्जी नाईकांचं नाव घेतो आणि थांबतो. राजापूरची गोष्ट त्या मानाने कमी सांगितली जाते. १६६० मध्ये पन्हाळ्याला सिद्दी जौहरचा वेढा पडला असताना राजापूरच्या वखारीतले इंग्रज तोफ घेऊन त्याच्या मदतीला गेले. वखारीचा प्रमुख रेव्हिंग्टन स्वतः गेला होता. पुढच्याच वर्षी महाराजांनी राजापूरवर चाल करून वखारवाल्यांना कैद केलं. वखार हे नुसतं मालाचं कोठार नव्हतं. आसपास कोणाचं सैन्य कुठे आहे, कोणत्या बंदरात किती गलबतं उभी आहेत, ही खबर राजापुराहून सुरतेला पत्रांनी जात असे. तीच पत्रं आज इतिहासकारांना साधन म्हणून उपयोगी पडतात, हा नशिबाचा भाग. रामचंद्रपंत अमात्यांनी आज्ञापत्रात टोपीकरांना, म्हणजे युरोपीय व्यापाऱ्यांना, समुद्रतीरी जागा देऊ नये असं बजावलं ते याच अनुभवातून. परक्या व्यापाऱ्याला किनाऱ्यावरच्या मोक्याच्या जागेपासून लांब ठेवा, हा सल्ला आज बंदरांच्या परवानगीच्या फायलींत वेगळ्या शब्दांत वाचायला मिळतो.

इंग्रजांचं राज्य आल्यावर हेरांची नजर फिरली, समुद्राकडून आपल्याच माणसांकडे. आजची आयबी, म्हणजे गुप्तवार्ता विभाग, स्वतःची सुरुवात १८८७ पासून मोजते. ‘सेंट्रल स्पेशल ब्रँच’ म्हणून ती सुरू झाली, आणि देशात कोण काय बोलतो आणि कुठे सभा घेतो हे टिपणं हे तिचं मुख्य काम. रत्नागिरी तर सरकारला नजरकैदेसाठी फारच सोयीची वाटली असावी. ब्रह्मदेशचा पदच्युत राजा थिबा १८८६ ला इथे आणला गेला आणि १९१६ ला इथेच वारला. सावरकर १९२४ ते १९३७ जिल्ह्याबाहेर जाण्याच्या बंदीत इथेच राहिले. घाट चढून जायला रस्ते मोजकेच आणि समोर समुद्र, त्यामुळे पहारा स्वस्तात पडत असणार. ही बाब सांगायची ती एवढ्याचसाठी की स्वातंत्र्यानंतर आपल्याला जी यंत्रणा वारशाने मिळाली, तिला सवय नागरिकावर लक्ष ठेवायची होती. सीमेपलीकडचं आणि समुद्रापलीकडचं बघणं तिला नंतर शिकावं लागलं.

ते शिक्षण महाग पडलं. १९६२ मध्ये चीन, १९६५ मध्ये पाकिस्तान, दोन्ही वेळा आधी पुरेसं कळलं नाही अशी टीका झाली. २१ सप्टेंबर १९६८ रोजी बाहेरच्या देशांचं काम आयबीकडून काढून रॉकडे देण्यात आलं आणि रामेश्वरनाथ काव तिचे पहिले प्रमुख झाले. कोकणाला मात्र त्या काळात रॉ आणि आयबी ही नावं दूरचीच. इथे सरकार म्हणजे कस्टमवाले. १९५७ ला स्थापन झालेलं महसूल गुप्तचर संचालनालय, म्हणजे डीआरआय, हे इथल्या लोकांना त्यापेक्षा जास्त परिचयाचं.

कारण सोनं. १९६३ मध्ये सुवर्ण नियंत्रण आलं, १९६८ मध्ये त्याचा कायदा झाला, आणि आखाती बंदरांतून निघालेली सोन्याची बिस्किटं, घड्याळं, कापड, ट्रान्झिस्टर कोकणातल्या खाड्यांतून आत यायला लागली. मोठी बोट बाहेर उभी, माल मचव्यात, मचवा भरतीबरोबर खाडीत, पुढे बैलगाडी किंवा ट्रक. याला इथे सरळ ‘लँडिंग’ म्हणत. हा शब्द मासे उतरवण्यालाही वापरतात, त्यामुळे कुणी ऐकलं तरी अडचण नसे. आमच्या लहानपणी गावात एखाद्याच्या मनगटावर नवंकोरं जपानी घड्याळ दिसलं तर कुठल्या दुकानातून घेतलं असं कुणी विचारत नसे. गाव गप्प बसे. थोडं भीतीने आणि थोडं हमालीच्या आशेने, खोटं कशाला बोला? चोरटा माल ही सरकारच्या करवसुलीची अडचण होती. आपल्या जिवाशी तिचा काही संबंध आहे असं कुणाला वाटत नव्हतं. दिल्लीलाही फार वेगळं वाटत नसावं. १९७४ चा कॉफेपोसा कायदा आला तो परकीय चलन आणि तस्करी रोखायला. १९७७-७८ मध्ये तटरक्षक दल उभं राहिलं त्यामागेही तस्करीची चिंता मोठी होती.

मग गणित बदललं. १९९० मध्ये सुवर्ण नियंत्रण कायदा रद्द झाला. १९९२ पासून परदेशातून परतणाऱ्या भारतीयाला शुल्क भरून पाच किलोपर्यंत सोनं आणायची मुभा मिळाली. चोरट्या सोन्यातला नफा आटला. पण खाड्या माहीत असलेली माणसं आणि पैशाने बांधून ठेवलेले अधिकारी, म्हणजे पिढीभर तयार झालेली अख्खी वाट, तशीच राहिली. माझ्या मते १९९३ समजून घ्यायचं तर सुरुवात इथून करावी.

९ जानेवारी १९९३ ला दिघीला पहिला माल उतरला. गोंडघर फाट्यावर पोलिसांनी गाड्या अडवल्या, आणि लाच ठरल्यावर सोडून दिल्या. जानेवारीच्याच अखेरीस कस्टमच्या वरिष्ठांकडून खाली पत्र आलं की सोन्या-चांदीच्या आडून शस्त्रं येणार आहेत, या पट्ट्यातल्या बंदरांवर लक्ष ठेवा. फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यात शेखाडीला माल उतरला तो या पत्रानंतर. त्यात आरडीएक्स होतं. १२ मार्चला मुंबईत एकामागून एक स्फोट झाले आणि २५७ माणसं गेली. पुढे टाडा, म्हणजे दहशतवादविरोधी कायद्याच्या, न्यायालयात पोलीस आणि कस्टमचे अधिकारीही दोषी ठरले, आणि २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या निकालातही या दोन्ही यंत्रणांवर कठोर ताशेरे आले.

तेव्हा खबर नव्हती असं म्हणता येत नाही. खबर फाट्यावरच्या शिपायाकडे होती आणि साहेबाच्या टेबलावरच्या कागदातही होती. शिपायाला ती चांदीची वाटली, साहेबाला शस्त्रांची माहीत होती, आणि दोन्ही जोडणारं मधे कुणीच नव्हतं. होते ते विकले गेलेले.

त्याच वर्षी नौदल, तटरक्षक दल, कस्टम आणि पोलीस यांची संयुक्त गस्त सुरू झाली, ‘ऑपरेशन स्वान’. पण देशाच्या गुप्तचर रचनेला खरा धक्का बसला तो १९९९ च्या कारगिलने. के. सुब्रह्मण्यम यांच्या समितीने आणि नंतरच्या मंत्रिगटाने सांगितलं ते थोडक्यात असं की प्रत्येक संस्था आपापली माहिती उराशी धरून बसते. त्यातून २००१ मध्ये आयबीत बहुसंस्था केंद्र म्हणजे मॅक, २००२ मध्ये तिन्ही दलांसाठी संरक्षण गुप्तवार्ता संस्था, २००४ मध्ये तांत्रिक टेहळणीसाठी एनटीआरओ अशा संस्था आल्या. किनाऱ्यावर २००५ पासून सागरी पोलीस ठाण्यांची योजना सुरू झाली. मांडवा, जयगड, पूर्णगड, आणि दिघीलाही आज सागरी पोलीस ठाणं आहे.

तरी २६ नोव्हेंबर २००८ झालाच. पोरबंदरची ‘कुबेर’ समुद्रात पळवून दहा जण आले, रबरी होडीने कफ परेडच्या मच्छीमार वस्तीजवळ उतरले. तिथल्या लोकांनी त्यांना पाहिलं, हटकलंही. समुद्रमार्गे हल्ला होऊ शकतो असे इशारे त्याआधी आलेले होते. वस्तीतल्या बाईचा संशय आणि दिल्लीतला इशारा हे दोन्ही एकाच दिशेला बोट दाखवत होते, पण एकाला दुसऱ्याचा पत्ता नव्हता. १६६ माणसं गेली.

यानंतर गुप्तचर संस्थांचं काम खऱ्या अर्थाने बदललं असं मला वाटतं. खबर मिळवणं होतंच, आता ती जोडणं आणि वेळेत खाली पोहोचवणं याला महत्त्व आलं. डिसेंबर २००८ मध्येच एनआयएचा, म्हणजे राष्ट्रीय तपास संस्थेचा, कायदा झाला. मॅक चोवीस तास चालू लागलं. २००९ मध्ये सागरी सुरक्षेची एकूण जबाबदारी नौदलाकडे दिली गेली. दीपगृहांवर रडार आणि कॅमेरे चढले. २३ नोव्हेंबर २०१४ ला, मनोहर पर्रीकर संरक्षणमंत्री होऊन जेमतेम पंधरा दिवस झाले असताना, गुडगावला माहिती व्यवस्थापन आणि विश्लेषण केंद्र सुरू झालं. नौदल आणि तटरक्षक दलाची ५१ ठाणी त्याला जोडलेली आहेत. देवगडसमोरून जाणारं जहाज हरियाणातल्या पडद्यावर दिसतं, ते असं. २०२२ मध्ये राष्ट्रीय सागरी सुरक्षा समन्वयक हे पद आलं, आणि ३० ऑगस्ट २०२४ ला पालघरमध्ये पंतप्रधानांच्या हस्ते एक लाख मासेमारी नौकांवर ट्रान्सपॉंडर, म्हणजे नौका कुठे आहे ते कळवणारी यंत्रं, बसवायची योजना सुरू झाली.

बंदरावर याचं रूप वेगळं दिसतं. तांडेलाच्या, म्हणजे होडीच्या म्होरक्याच्या, खिशात प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेलं बायोमेट्रिक ओळखपत्र असतं, खाऱ्या पाण्याने कडा उकललेलं. वर्षातून दोनदा ‘सागर कवच’ सराव होतो. साध्या वेशातले पोलीस अतिरेकी बनून खोटा बॉम्ब घेऊन येतात आणि गावातल्या सागर रक्षक दलाच्या पोरांनी त्यांना पकडायचं असतं. एखाद्या वेळी पोरं खरंच पकडतात, मग आठवडाभर त्याच गप्पा. तक्रारीही आहेत. आमची कागदपत्रं दर फेरीला तपासता, मग कर्नाटकातल्या मलपीचे ट्रॉलर आमच्या हद्दीत येऊन मासळी खरवडून नेतात ते तुमच्या रडारला कसे दिसत नाहीत, हा सिंधुदुर्गातला जुना प्रश्न. तो गैरलागू नाही. ज्याच्या डोळ्यांवर तुम्ही विसंबता त्याला तुमच्याकडून काही मिळतंय असं वाटलं पाहिजे.

दरम्यान धोकाही बदलत गेला. २०१९ मध्ये नौदलाच्या काही जवानांना समाजमाध्यमांवरून जाळ्यात ओढल्याचं उघड झालं आणि नौदलाने तळांवर स्मार्टफोन वापरायला बंदी घातली. २०२५ मध्ये ठाण्याच्या एका अभियंत्याला युद्धनौकांची माहिती पाकिस्तानी हस्तकांना दिल्याच्या आरोपावरून एटीएसने, म्हणजे दहशतवादविरोधी पथकाने, पकडलं. यात मचवा नाही, खाडी नाही, भरती-ओहोटीचा हिशोब नाही. जगाशी जोडणाऱ्या समुद्राखालच्या केबल वर्सोव्याला किनाऱ्यावर येतात. त्यांचं रक्षण कस्टमच्या होडीतून करता येण्यासारखं नाही.

आणि एक राहून गेलेली गोष्ट. आयबी आणि रॉ या दोन्हींना संसदेच्या स्वतंत्र कायद्याचा आधार आजही नाही. माहिती अधिकाराच्या कलम २४ ने त्या बऱ्याच अंशी बाहेर आहेत. २०१८ च्या एका आदेशाने दहा संस्थांना संगणकातली माहिती तपासायचे अधिकार मिळाले. २०११ मध्ये मनीष तिवारी यांनी गुप्तचर संस्थांना कायद्याच्या चौकटीत आणण्यासाठी खासगी विधेयक मांडलं, ते पुढे गेलं नाही. कोळ्याच्या बोटांचे ठसे सरकारकडे आहेत. ते कोण, कधी, कशासाठी पाहतं हे विचारायला त्याच्याकडे खिडकी नाही.

जुलै २०२५ च्या सुरुवातीला कोर्लईसमोर रडारवर पुन्हा एक संशयास्पद बोट दिसली, पाकिस्तानी असावी अशी. रेवदंड्यापासून अलिबागपर्यंत रात्रभर धावपळ झाली. शोधाअंती निघाला तो मासेमारीच्या जाळ्याचा वाहत आलेला बोया, सिग्नल देणारं यंत्र बसवलेला. यंत्रांनी आपलं काम चोख केलं होतं. फक्त समोर जाऊन ‘अहो, बोया आहे’ असं सांगणारं त्या पाण्यात कुणी नव्हतं. १ जून ते ३१ जुलै मासेमारीला बंदी असते. त्या दिवसांत आमच्या सगळ्या होड्या वर ओढून ताडपत्रीखाली झाकलेल्या असतात.