धारवाडचं रिट की बेळगावचा दावा?

जमिनीवरून सरकारशी वाद झाला की आपल्या बेळगावकडचा शेतकरी थेट धारवाड गाठतो. तिथं २०१३ पासून कर्नाटक हायकोर्टाचं कायम खंडपीठ आहे. कोर्ट मोठं, म्हणजे न्यायही मोठा, असा सगळ्यांचा समज. पुष्कळदा हाती येतो तो चार ओळींचा आदेश: दिवाणी न्यायालयात दाद मागण्याची मुभा ठेवून याचिका निकाली. तोवर दोन-तीन वर्षं उलटलेली असतात. हे पाहून जीव तुटतो, कारण रिट म्हणजे हायकोर्टातली याचिका आणि दावा म्हणजे दिवाणी कोर्टातला खटला, यांतला फरक आधीच कुणी सांगितला असता तर हा फेरा वाचला असता.

रिटमध्ये हायकोर्ट बघतं ते सरकारचं वागणं: नोटीस दिली का, म्हणणं ऐकून घेतलं का, अधिकार होता का. जमीन मुळात कुणाची, हे ते सहसा ठरवत नाही. तिथं काम चालतं प्रतिज्ञापत्रांवर. साक्षीदार पिंजऱ्यात उभा राहत नाही, उलटतपासणी नसते, मोजणीला कोर्ट कमिशनर येत नाही.

समजा, खानापूर तालुक्यात आजोबांपासून कसत आलेली जमीन आहे आणि एके दिवशी उताऱ्याच्या कॉलम ९ मध्ये, म्हणजे मालकाच्या जागी, ‘सरकार’ लागलं. नोटीस न देता नाव उडवलं असेल तर आधी प्रांतांकडं अपील आहे आणि ढळढळीत अन्याय असेल तर रिटही चालतं. पण जिंकलात तरी बहुधा मिळतं ते इतकंच: पुन्हा नोटीस द्या, पुन्हा चौकशी करा. जमीन तुमचीच, हा शिक्का त्यानं बसत नाही. उतारा हा मालकीचा अंतिम पुरावा नव्हे. १९५६ पूर्वीचे, मुंबई राज्याच्या काळातले फेरफार, जुनी खरेदीखतं, हद्दीचे दगड, बांधाला बांध असलेल्या शेजाऱ्याची साक्ष, हे सगळं तपासून मालकी ठरवतं ते दिवाणी कोर्ट.

आणि इथंच मुदतीचा फास आहे. कर्नाटक जमीन महसूल कायद्याच्या कलम ६७ खाली चौकशी होऊन जमीन सरकारची ठरली, तर त्या आदेशाविरुद्धचा दावा १ वर्षात घालावा लागतो. सरकारवर दावा घालायचा तर आधी २ महिन्यांची नोटीसही द्यायची. घाईचं कारण असेल तर कोर्टाची परवानगी घेऊन नोटिशीविना जाता येतं. धारवाडला गेलेला वेळ मुदतीतून वगळून मागता येतो, पण तो मिळेलच अशी खात्री धरू नका.

मग सरळ दावाच घालावा का? तसंही नाही. २०१३ च्या भूसंपादन कायद्यानं त्या कायद्याखालच्या संपादनाचे वाद दिवाणी कोर्टाच्या हातातून काढून घेतले आहेत. तिथं रिटच लागतं. शिवाय २०१८ पासून रस्त्यासारख्या पायाभूत प्रकल्पाला खीळ बसेल असा मनाई हुकूम दिवाणी कोर्टाला देता येत नाही. बेळगावजवळच्या हलगा-मच्छे बायपाससाठी पिकाऊ जमीन जाताना बघितलेल्यांना स्थगितीची किंमत वेगळी सांगायला नको.

एक अपवाद मात्र लक्षात ठेवा. हिमाचलमधल्या एका वृद्ध, निरक्षर विधवेची जमीन सरकारनं १९६७-६८ मध्ये संपादन न करताच रस्त्याला घेतली होती. तिथल्या हायकोर्टानं तिला दिवाणी कोर्टाची वाट दाखवली. सुप्रीम कोर्टानं २०२० मध्ये तो निकाल रद्द करून भरपाई द्यायला लावली आणि बजावलं की नागरिकाची जमीन बळकावून सरकारला प्रतिकूल कब्जा, म्हणजे वर्षानुवर्षांच्या ताब्यामुळं मिळालेली मालकी, सांगता येणार नाही. सरकारकडं संपादनाचा कागदच नसेल, तर माझ्या मते रिट हाच खरा मार्ग.

राहिला भरपाईचा आकडा. तो वाढवून घ्यायला ना रिट, ना दावा. २०१३ च्या कायद्यात जिल्हाधिकाऱ्यांकडं अर्ज करून प्रकरण प्राधिकरणाकडं पाठवायला लावायचं असतं. निवाड्याच्या, म्हणजे भरपाई ठरवणाऱ्या आदेशाच्या, वेळी हजर असाल तर ६ आठवड्यांत. राष्ट्रीय महामार्ग कायद्याखाली लवादाकडं जायचं. आणि पैसे उचलताना ‘रक्कम मान्य नाही, हक्क राखून स्वीकारत आहे’ असं लेखी द्या, त्याची पोच घ्या. २०१३ च्या कायद्यात हरकत न नोंदवता पैसे घेतले, तर हा अर्जच करता येत नाही.