स्वतःचंच गाणं विसरलेला आर्मस्ट्राँग : 'हॅलो, डॉली!'ची पार्श्वभूमी

'हॅलो, डॉली!' ह्या गाण्याचा विषय निघाला की सगळे एकच सांगतात, ६२ वर्षांच्या लुई आर्मस्ट्राँगने बीटल्सना खाली खेचलं. खरंय ते. १९६४ च्या सुरुवातीला बिलबोर्डच्या, म्हणजे अमेरिकेतल्या गाजणाऱ्या गाण्यांच्या, यादीत सलग १४ आठवडे पहिल्या नंबरवर बीटल्सच, एक गाणं उतरलं की त्यांचंच दुसरं वर, आणि ९ मेला तिथे जाऊन बसला हा न्यू ऑर्लिन्सचा जॅझ ट्रम्पेटवाला. पण खरी गंमत त्याच्या आधीची आहे.

रेकॉर्डिंग झालं ३ डिसेंबर १९६३ ला. तेव्हा हे गाणं ज्यातलं, ते 'हॅलो, डॉली!' नावाचं संगीत नाटक ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या नाट्यगृहांत, लागलंसुद्धा नव्हतं, लागलं ते १६ जानेवारीला. नाटकाची हवा व्हावी म्हणून एखाद्या बड्या नावाकडून गाणं आधीच गाऊन घ्यायचं, हा तिकडचा जुना धंदा. आर्मस्ट्राँगचा मॅनेजर जो ग्लेझर हो म्हणाला, आर्मस्ट्राँग गेला, दोन गाणी उरकली आणि परत दौऱ्यावर. नंतर दौऱ्यात पब्लिक ओरडायला लागलं 'डॉली, डॉली', तर ह्याला कळेचना की लोक मागतायत काय! शेवटी बेसवाल्या आर्व्हेल शॉने आठवण करून दिली की अरे ते आपणच वाजवलंय, मग रेकॉर्ड मिळवली आणि बँडने स्वतःचंच गाणं ऐकून पुन्हा बसवलं.

आता मूळ मुद्दा. गाण्याच्या सुरुवातीला जो बँजो (गिटारसारखं तारांचं वाद्य) खणखणतो तो आर्मस्ट्राँगच्या नेहमीच्या ऑल स्टार्स बँडमध्ये नव्हताच. बँजो होता थेट १९२५ साली, शिकागोत, हॉट फाइव्ह ह्या त्याच्या जुन्या बँडच्या रेकॉर्डिंगमध्ये, जॉनी सेंट सिरच्या हातात. जॅझमध्ये सोलो वाजवणं म्हणजे काय हे ज्या रेकॉर्ड्सनी जगाला शिकवलं त्याच ह्या. पुढे बीबॉप ह्या जॅझच्या नव्या, वेगवान शैलीची तरुण पोरं आली आणि त्यांना हा रुमालाने घाम पुसत हसणारा माणूस जुनाट, गोऱ्यांना खूश करणारा वाटायला लागला. आणि गाजलं काय, तर तोच जुनाट बँजो.

'हॅलो, डॉली!' नावाचा अल्बम तर सिंगल, म्हणजे ते एकटं गाणं, चालल्यावर मागून जुळवलेला. त्यात 'मून रिव्हर' आहे, पण 'ब्लूबेरी हिल', 'जीपर्स क्रीपर्स' ही त्याची स्वतःची जुनी हुकमी गाणीपण पुन्हा गायलीत. माझ्या मते त्याच्या भारी अल्बममध्ये हा बसत नाही, तरी सहा आठवडे पहिल्या नंबरवर होता. ग्रॅमी मिळालं तेही गाण्यासाठी, ट्रम्पेटसाठी नाही.

जाता जाता, आपल्याकडे हा माणूस डॉलीच्या खूप आधी पोचला होता. गोव्यातल्या हळदोण्याचा ट्रम्पेटवाला चिक चॉकलेट म्हणजे मुंबईचा आर्मस्ट्राँगच, 'अलबेला' सिनेमात भगवानदादांच्या 'शोला जो भडके'त तो आपल्या बँडसकट दिसतो, संगीत सी. रामचंद्रांचं.

आणि एक, रेकॉर्ड नीट ऐका. सगळं जग त्याला लुई म्हणतं पण तो डॉलीला स्वतःचं नाव सांगताना स्पष्ट 'लुईस' म्हणतो, आणि ते शब्द मूळ गाण्यात नव्हतेच, त्याने घुसवलेत. ह्याच नाटकावरच्या १९६९ च्या सिनेमात डॉली झालेल्या बार्ब्रा स्ट्रायसँडसमोर हाच माणूस उभा केला, जेमतेम दोन-तीन मिनिटं.